गाऊन घेऊन मडगावला

पुण्याहून निघालेल्या गोवा एक्सप्रेसमध्ये खिडकीजवळच्या खुंटीला माझा लग्नाचा गाऊन टांगला होता. प्लॅस्टिकच्या पिशवीत दमटपणा साठतो आणि सॅटिनवर डाग पडतात, म्हणून आईने जुन्या सुती चादरीचं लांबलचक कव्हर शिवून दिलं होतं. मिरज येईपर्यंत समोरच्या दोन काकूंना आत काय आहे ते कळलं, आणि त्यांनी आपल्या बॅगा न सांगता पलीकडे सरकवल्या. रात्री मी दोनदा उठून कव्हर चाचपून पाहिलं. दूधसागर अंधारातच मागे गेला. पहाटे मडगावला उतरले ती गाऊन दोन्ही हातांवर आडवा घेऊन, झोपलेलं मूल उचलावं तशी.

माझं लग्न सासष्टी तालुक्यात, कुडतरीच्या सेंट अॅलेक्स चर्चमध्ये व्हायचं होतं. चर्च १५९७ सालचं, समोर तळं. नवरा त्याच गावचा, मी पुण्याची. आमच्याकडच्या विधींसाठी पैठणी होती, तिच्या ब्लाऊजची मला काळजीच नव्हती. ब्लाऊज शिवणाऱ्या काकू आमच्या गल्लीत राहतात आणि माझी मापं कॉलेजपासून त्यांच्या वहीत आहेत. गाऊनसाठी असं हक्काचं कुणी नव्हतं. तो मी वांद्र्याच्या एका दुकानातून तयार घेतला होता, एक माप मोठा. कमरेत घेऊन देतो म्हणाले, दिलाही. घाईत मी तिथे घालून पाहिला नाही.

गोव्यात लग्न नोंदवायचं तर सिव्हिल रजिस्ट्रारकडे दोनदा जावं लागतं. पहिली सही, मग हरकतींसाठीची मुदत, मग साक्षीदारांसह दुसरी सही. माझी पहिली सही डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात होती आणि दुसरी नाताळानंतर. लांबून येऊन लग्न करणाऱ्या प्रत्येकीला मी सांगेन, की या दोन खेपांना गाऊनची कामं बांधून घ्या. पहिल्या खेपेला माप, दुसऱ्या खेपेला ट्रायल.

सही झाली त्याच दुपारी सासूबाईंच्या खोलीत गाऊन घातला. चेन बरगड्यांपाशी येऊन थांबली. दोन बोटांचं अंतर उरलं, श्वास रोखूनही ते मिटेना. सासूबाईंनी कड उलटी करून पाहिली आणि गप्प झाल्या. दुकानाने कमरेत घेताना आतलं जादा कापड कापूनच टाकलं होतं. शिवणीत माया शिल्लकच नव्हती. आपल्याकडे साध्या परकराला बोटभर माया सोडतात, आणि इथे लग्नाच्या कपड्याला धाग्याएवढीही नाही! मला रडू आलं.

टेलर अंकलचं दुकान मडगावात, न्यू मार्केटच्या मागच्या बाजूला. ८ डिसेंबरच्या फेस्ताची, म्हणजे चर्चच्या सणाची फेरी (जत्रा) भरलेली, त्या गर्दीतून आम्ही गाऊन डोक्यावर धरून नेला. दुकानात नाताळचे सूट आणि फ्रॉक छतापर्यंत टांगलेले. "पंचवीस तारखेपर्यंत मी कसलंच नवीन काम घेत नाही," अंकल म्हणाले. सासूबाई त्यांच्याशी कोकणीत बराच वेळ बोलल्या. त्यातलं मला एवढंच कळलं, की त्यांच्या लग्नाचा सादो याच अंकलच्या वडिलांनी घरी येऊन शिवला होता. सादो म्हणजे नवरीचा लाल पोशाख. पूर्वी टेलर घरी आला की त्याने कापडाला हात घालताना फटाके वाजायचे. इतकं ते काम मानाचं.

अंकलनी गाऊन टेबलावर पसरला, पण टेप लगेच उचलली नाही. आधी मला सिमेंटच्या जमिनीवर गुडघे टेकायला लावलं, कारण मिस्साच्या, म्हणजे चर्चमधल्या प्रार्थनाविधीच्या वेळी टेकावे लागतात. मग खुर्चीवर बसवलं, दोन्ही हात वर करायला लावले. मग माझ्या मनगटाकडे पाहून विचारलं, "चुडो घालतलें?"

गोव्यात ख्रिस्ती नवरीलाही मामाच्या मानाने चुडा भरतात, त्यात हिरव्या बांगड्या असतात. हे आईला कळलं तेव्हा ती किती हरखली होती! पण माझ्या गाऊनला मनगटापर्यंत घट्ट लेसच्या बाह्या होत्या. वरून बांगड्या घातल्या तर लेस फाटणार, आतून घालायला जागा नाही. वांद्र्याच्या दुकानात हे कुणी विचारलं नव्हतं, आणि मलाही सुचलं नव्हतं. अंकलनी खडूने कोपराखाली एक रेघ ओढली. बाह्या तिथवर.

गाऊन लांबीलाही जास्त होता, पण खाली नक्षीदार कडेची लेस होती, ती कापता येत नाही. त्यांनी लेस उसवून बाजूला काढायची, सॅटिन पाच इंच कापायचं आणि लेस वर आणून परत हाताने लावायची असं ठरवलं. कापलेल्या सॅटिनच्या दोन कळ्या काखेखाली बसणार होत्या. चेन काढून पाठीला काजांच्या पट्ट्या आणि नाडी, आत आडवी पट्टी. म्हणजे जेवण जास्त झालं तरी नाडी सैल करता येते. पण सँडल घातल्याशिवाय लांबी घेणार नाही म्हणाले, आणि माझे सँडल पुण्यात. त्या फेरीच्या गर्दीत सासूबाईंनी मला दोन इंच टाचेचे पांढरे सँडल घेऊन दिले, तेव्हा कुठे अंकल टाचण्या तोंडात धरून खाली बसले. पुढची कड त्यांनी जमिनीपासून इंचभर वर घेतली. "चिऱ्याची माती," एवढंच म्हणाले. चर्चच्या आवारात चाललं की पांढऱ्या कापडाला ती तांबडी धूळ धरते आणि मग निघत नाही.

बाह्यांच्या कापलेल्या कडांना लावायला लेस कमी पडली. ती आईने पुण्यात रविवार पेठेतल्या बोहरी आळीत चार दुकानं फिरून जुळवली आणि कुरियरने पाठवली.

नाताळानंतर दुसरी सही केली आणि तडक दुकानात गेले. नाडी ओढली, गुडघे टेकले, हात वर केले. कुठेही ताण नाही. मागच्या घोळाला आतून पाच गुंड्या आणि फासे लावले होते, नाचाच्या वेळी तो वर अडकवायला. अंकलनी बाजूची शिवण उलटून दाखवली. नव्या कळ्यांना दीड-दीड इंच माया सोडली होती. सगळ्याचे त्यांनी ४,५०० रुपये घेतले. लेस हाताने लावायला तीन रात्री गेल्या हे मला त्यांच्या बायकोकडून नंतर कळलं.

लग्नाच्या सकाळी पाठीची नाडी आईने बांधली. गाऊन हा प्रकार तिच्या ओळखीचा नव्हता, तो विकत घेतल्यापासून ती जरा लांबच उभी राहायची. आता ती खाली कमरेपासून एकेक काज ओढत वर आली, मध्ये थांबून "घट्ट होत नाही ना गं?" विचारत. माझ्या हातातल्या हिरव्या बांगड्या तिने बाहीखाली सारख्या केल्या. सासूबाई दारात उभ्या होत्या. आईने शेवटची गाठ मारली आणि त्यांना म्हणाली, "एकदा बघता का विहीणबाई, तुमच्यात अशीच बांधतात ना?"