आमची वाटचाल : एका छापखान्याचे दोन

बडोद्याच्या दांडिया बाजारातला आमचा छापखाना बाबांनी आणि काकांनी १९६८ साली काढला. एक ट्रेडल मशीन (छोटं छपाईयंत्र), मराठी आणि गुजराती खिळे, म्हणजे जुळवायची शिशाची अक्षरं, आणि लग्नसराईत रात्र रात्र जागरण. ऑफसेट मशीन फार पुढे आलं.

काका २००९ मध्ये गेले. करारावर दोघांच्याच सह्या, आणि दोनच भागीदारांतला एक गेला की भागीदारी तिथेच संपते, हे आमच्या गावीही नव्हतं. काम चालू राहिलं, हिशेब करायचा राहिला. २०११ मध्ये काकू, दादा (माझा चुलतभाऊ) आणि ताई यांनी बाबांवर हिशेबाचा दावा लावला. तेव्हा मी दादाशी बोलणं टाकलं. आज वाटतं, त्याचं फारसं चुकलं नव्हतं.

तारखा न्यायमंदिरात, म्हणजे तेव्हाच्या कोर्टाच्या इमारतीत पडायच्या. सुरसागर तलावाजवळच, चालत जायचं, पुढची तारीख घेऊन यायचं आणि मशीन सुरू करायचं. २०१८ मध्ये कोर्ट दिवाळीपुऱ्याला गेलं आणि प्रत्येक तारखेला अर्धा दिवस मोडू लागला. तडजोडीचं मनावर घेतलं ते, खरं सांगायचं तर, त्या रिक्षाभाड्यापायी.

निकाल लागला असता तर एक आकडा हाती आला असता. आमचं अडलं होतं ते छापखान्याचं नाव कोणी लावायचं आणि मराठी खिळे कोणी ठेवायचे यावर. भंगारात त्यांना शिशाचा भाव. पण बाबा ते दुसऱ्या कुणाला हात लावू देत नसत. दाव्यात यातलं काहीच नव्हतं. आमचे वकील म्हणाले, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३, नियम ३ खाली दाव्याबाहेरच्या गोष्टीही तडजोडीत घालता येतात; पक्षकार तेच हवेत आणि अटी कायदेशीर हव्यात. फक्त मकरपुऱ्याचं गोडाऊन त्यात घुसडू नका. दाव्यात नसलेली स्थावर मिळकत आली, तर हुकूमनाम्याची (कोर्टाच्या निकालाच्या आदेशाची) नोंदणी करावी लागते. गोडाऊनचा दस्त मग आम्ही वेगळा केला.

नाव आणि खिळे आमच्याकडे, ऑफसेट दादाकडे, वर आम्ही दादाला हप्त्यांनी रक्कम द्यायची. हप्ता चुकला तर नवा दावा नाही, थेट दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज. ही अट मला झोंबली, पण दादाच्या जागी मी असतो तर मीही तीच घातली असती.

समाधान पुरसीस, म्हणजे तडजोडीच्या अटी कोर्टाला लिहून देणारा कागद, गुजरातीत टाइप झाली. सह्या सगळ्यांच्या हव्यात, म्हणून ताई पुण्याहून रात्रीच्या गाडीने आली. जज्जसाहेबांनी एकेकाला विचारलं : वाचलंत का, समजलं का, कुणाचा दबाव नाही ना? काकूंनी मराठीत सांगितलं, "दबाव कसला, दमलो आता." साहेबांना मराठी समजत होतं, आपलं बडोदंच ते. बाबांनी सही करताना चष्मा दोनदा पुसला.

त्याच अटींवर हुकूमनामा झाला. तडजोडीच्या हुकूमनाम्यावर अपील नाही, आणि तडजोडच बेकायदा होती म्हणून वेगळा दावाही लावता येत नाही. तक्रार असेल तर त्याच कोर्टापुढे न्यायची. दोन्हीकडच्या वकिलांनी हे सहीआधीच बजावलं होतं. त्या रात्री ताई आमच्याकडेच जेवली.

हप्ते फिटले. सामान हलवताना 'ळ'चे खिळे मात्र चुकून दादाच्या खोक्यात गेले. पुरसीसमध्ये त्यांचा उल्लेख नाही. कुणाला जुन्या पद्धतीची पत्रिका हवी असली, की मी दादाला फोन करतो.