निजेतली कबड्डी

शनिवार

भाचीने विषय काढला आणि माझी झोप उडाली. दोन संघ, सगळे झोपलेले, स्वप्न एकच आणि त्यात सामना. "मामा, नियम तू लिही. पंच आहेस ना?" ती झोपेच्या शास्त्रावर काहीबाही वाचत असते, मी गावोगावच्या स्पर्धांत शिट्टी फुंकतो. खेळ कुठला, हे विचारायची गरज दोघांनाही वाटली नाही.

पहिली अडचण मैदानाची. बृहदारण्यक उपनिषदात म्हटलंय की स्वप्नात रथ नसतात, घोडे नसतात, रस्तेही नसतात. झोपणाराच ते सगळं निर्माण करतो. म्हणजे चढाई करणाराही तोच आणि चुना टाकणाराही तोच. असा गडी निदान रेषा जागेवर ठेवेल? बोनस हवा असला की ती दोन वीत अलीकडे येणार.

त्याहून अवघड म्हणजे समोरचे सात जण. ते माझ्याच डोक्यातून आले असतील तर त्यांच्या पकडीला काय अर्थ? मला कुठे सोडायचं, कुठे आवळायचं, हे आतून मीच ठरवणार. मग तो सराव झाला, सामना नाही. सामन्याला माझं न ऐकणारा एक तरी माणूस लागतो. सगळा नियमग्रंथ याच्याभोवती लिहावा लागेल: त्या माणसाला आत आणायचं कसं, आणि तो आत आला हे बाहेरून ओळखायचं कसं.

रविवार

भाचीने आज शिकवणी घेतली. आपल्याला ठसठशीत स्वप्नं पडतात ती बहुतेक 'रेम' झोपेत. ती १९५३ साली शिकागोत असेरिन्स्की आणि क्लाइटमन यांनी नोंदवली. त्या वेळी बंद पापण्यांखाली बुबुळं भराभर हलतात, पण हातपाय मेंदूच बांधून ठेवतो, नाहीतर आपण रोज रात्री पलंगावरून चढाई केली असती. बांधायचे राहतात फक्त डोळे आणि श्वासाचा पडदा.

डोळ्यांचा उपयोग १९७५ साली इंग्लंडमधल्या हल विद्यापीठात झाला. कीथ हर्न यांच्या प्रयोगात अ‍ॅलन वर्स्ली नावाच्या माणसाने स्वप्नात असताना, आपण स्वप्नात आहोत हे कळल्यावर, ठरल्याप्रमाणे डोळे डावीकडे-उजवीकडे फिरवले आणि बाहेर यंत्रावर रेघा उमटल्या. पुढे स्टॅनफर्डला स्टीफन लाबर्ज यांच्या प्रयोगांत लोकांनी स्वप्नात ठरवून श्वास रोखला, तर पलंगावरच्या देहाचा श्वासही थांबला.

हे ऐकलं आणि मी चहा तसाच ठेवला. अगं, मग प्रश्नच मिटला! स्वप्नातली बॅट बाहेर येत नाही, चेंडू येत नाही, धावणंही येत नाही. दम मात्र येतो. आणि दमावर चालणारा खेळ आपल्याकडे आधीपासून आहे, हुतूतू म्हणायचे तेव्हापासून. चढाईपटूने डोळ्यांनी खूण करून मध्यरेषा ओलांडायची, दम धरायचा, परत येऊन पुन्हा खूण करायची. मधे श्वास सुटला की बाद. पंच उशाशी बसून छातीवरचा पट्टा बघणार. मैदानावर दम नीट ऐकू येत नाही म्हणून आम्ही किती शिव्या खाल्ल्यात! इथे कागदावर रेघ निघेल.

गुणफलक मात्र आत ठेवायचा नाही. स्वप्नात लिहिलेलं दुसऱ्यांदा वाचलं की बदलतं. स्वप्न ओळखायची ती एक खूणच आहे म्हणे. गुणलेखकही आतला नको. पाउल थोले नावाच्या जर्मन मानसशास्त्रज्ञाने स्वप्नात भान ठेवायची सवय असलेल्या लोकांना स्वप्नातल्या पात्रांची परीक्षा घ्यायला लावली, तर ती पात्रं यमक जुळवायची पण हिशेबात फार कच्ची निघाली. (असे गुणलेखक जागेपणीही भेटतात. असो.)

वेळेचा नियम सोपा निघाला. रात्रीची पहिली रेम झोप काही मिनिटांची, पहाटेची अर्ध्या तासावरही जाते. म्हणून २० मिनिटांचा एकच डाव, पहाटे. चढाईचे ३० सेकंद पायांवर सोडायचे नाहीत. स्वप्नात आकडे मोजायला जागेपणीइतकाच वेळ लागतो, उठाबशा काढायला मात्र जास्त, असं एर्लाखर नावाच्या संशोधकाच्या प्रयोगांत दिसलंय. तेव्हा मनात मोजा.

मंगळवार

आता तो दुसरा माणूस. दोन झोपलेल्यांचं स्वप्न थेट जोडणारं यंत्र आज नाही. पण २०२१ साली अमेरिका, फ्रान्स, जर्मनी आणि नेदरलँड्समधल्या प्रयोगशाळांनी झोपलेल्यांना बाहेरून प्रश्न विचारले आणि काहींनी स्वप्नातूनच बरोबर उत्तरं दिली. आठातून सहा गेले किती, तर डोळे दोनदा फिरले. कुणाला प्रश्न स्वप्नातल्या गाडीच्या रेडिओतून ऐकू आला होता.

म्हणजे पंचाच्या हातून सामना होईल. एकाने चढाईची खूण दिली की दुसऱ्या पलंगाशी दिवा लुकलुकवायचा. तो त्याच्या स्वप्नात काय होऊन येईल ते येवो, शिटी, वीज, कुकर. त्याने ३० सेकंदांत उलटी खूण दिली तर पकड, नाहीतर टच. टपालाने बुद्धिबळ खेळत, त्यातलाच प्रकार. भाचीचं तोंड उतरलं. तिला एकच माती हवी होती, दोघांच्या पायाखाली. मला मात्र हेच पटतं. दिवा लागला की समोर खरोखर कुणीतरी आहे, याची खात्री आहे.

खरं सांगायचं तर माझा लोभ वेगळा आहे. उजवा गुडघा गेल्यापासून मी मध्यरेषेच्या बाहेरच उभा आहे. स्वप्नात तो गुडघा दुखत नाही, तिथे मी अजून डाव्या कोपऱ्याला हूल देऊन आत घुसतो. वजनगट नाही, वय नाही. माझ्या वेळचे कितीतरी जण पुन्हा नाव नोंदवतील. बायको म्हणते, "आधी घोरणं थांबव, मग दम धर."

गुरुवार

एका कलमावर अडलोय. चढाई चालू असताना जाग आली तर? भाची म्हणते दम तुटला. मी म्हणतो सीमारेषेबाहेर गेला. बाद दोन्हीकडून, पण माझ्या मते त्याला त्या रात्री जीवदान नाही, कारण परत झोप लागली तरी तो त्याच स्वप्नात येईल कशावरून? ती कबूल झाली. मग विचारते, "आणि समोरच्या संघाच्या माणसाने मुद्दाम अलार्म लावून ठेवला असेल तर?"

लिहून ठेवलं: तांत्रिक गुण एक, आणि मोबाईल सामन्याच्या सरपंचांकडे जमा.