कुठल्या गाठीत सुई घालायची?

चिठ्ठीवर एकच ओळ होती: ‘थायरॉईडच्या उजव्या गाठीची सुईची तपासणी करावी.’ बाई पन्नाशी ओलांडलेल्या, सोबत तिशीतली मुलगी. गाठ बघायला सोनोग्राफीचा प्रोब लावायचीही गरज नव्हती. बाईंनी आवंढा गिळला की मानेच्या उजवीकडचा उंचवटा वर जाऊन खाली यायचा. गिळताना हलते म्हणजे बहुतेक थायरॉईडचीच, एवढं तर त्या खुर्चीत बसल्या तेव्हाच कळलं.

बोलत होती ती मुलगी. “डॉक्टर, एवढी मोठी गाठ म्हणजे कॅन्सरच असणार ना?” बाईंनी तिच्याकडे एकदा नुसतं पाहिलं आणि निमूटपणे टेबलावर आडव्या झाल्या.

रक्ताचे रिपोर्ट आधी बघून घेतले. टीएसएच, म्हणजे थायरॉईडला कामाला लावणारं हार्मोन, व्यवस्थित होतं. ते कमी असतं तर गाठ स्वतःच हार्मोन बनवतेय का हे दाखवणाऱ्या न्यूक्लिअर स्कॅनचा आधी विचार करावा लागला असता, कारण स्वतःच भरमसाट हार्मोन तयार करणाऱ्या गाठीत कॅन्सर क्वचितच सापडतो. आवाज बसलेला नव्हता, लहानपणी मानेला रेडिएशन दिलेलं नव्हतं, घरात कोणाला थायरॉईडचा कॅन्सर झालेला नव्हता. हे प्रश्न मी नेहमीच विचारते, पण खरं उत्तर पडद्यावरच मिळतं.

उजवी गाठ ३.८ सेंटिमीटरची निघाली. आतून संपूर्ण जाळीदार, बारीक बारीक पाण्याचे कप्पे एकमेकांना चिकटलेले, अगदी स्पंजासारखे. कप्प्यांच्या कडांवर पांढरे चमकदार ठिपके, आणि प्रत्येक ठिपक्याच्या मागे निमुळती होत गेलेली शेपटी. ही शेपटी दिसली की मी निश्चिंत होते. थायरॉईडमधल्या कोलॉइड नावाच्या घट्ट द्रवातून ध्वनिलहरी मागेपुढे आपटतात, त्याचा तो खेळ असतो. अशा गाठी वर्षानुवर्षं तशाच पडून राहतात.

एवढ्यावर सुई काढली असती तर चिठ्ठीप्रमाणे काम झालं असतं. पण थायरॉईडची सोनोग्राफी म्हणजे दोन्ही बाजू, मधला पूल आणि मानेच्या दोन्हीकडच्या लसीकाग्रंथी. चिठ्ठीत काहीही लिहिलेलं असो. डावीकडे प्रोब नेला आणि मागच्या भागात, श्वासनलिकेच्या कोपऱ्याजवळ, ११ मिलिमीटरची एक काळी गाठ दिसली.

ती हाताला लागणं शक्यच नव्हतं. आतून भरीव, शेजारच्या ग्रंथीपेक्षा काळपट, कडा दंतुर. आडव्या छेदात ती रुंदीपेक्षा उंच होती, म्हणजे पुढून मागे जास्त वाढलेली. साधी गाठ सहसा पेशींच्या थरांना धरून आडवी पसरते. थर तोडून उभी वाढणारी गाठ संशयास्पद. आणि आत पुन्हा पांढरे ठिपके होते, एक मिलिमीटरहूनही लहान, पण शेपटी नसलेले. उजवीकडचे ठिपके आणि हे ठिपके घाईत पाहिले तर सारखेच वाटतील. म्हणून मी झूम वाढवला, प्रोबचा कोन बदलून बदलून पाहिला. शेपटी कुठेच उमटली नाही. थायरॉईडच्या पॅपिलरी नावाच्या, सगळ्यात जास्त आढळणाऱ्या कॅन्सरमध्ये कॅल्शियमचे सूक्ष्म कण साचतात, ते पडद्यावर असेच दिसतात.

रेडिओलॉजीत याला गुण द्यायची पद्धत आहे. अमेरिकन कॉलेज ऑफ रेडिओलॉजीची २०१७ सालची टायरॅड्स आम्ही बरेच जण वापरतो. गाठ भरीव की पाणीदार, किती काळी, उभी की आडवी, कडा कशा, आत ठिपके कसे, या पाच गोष्टींचे गुण मिळवायचे. गाठ किती मोठी, हे या बेरजेत येतच नाही. ते येतं नंतर, सुई घालायची की नुसतं लक्ष ठेवायचं हे ठरवताना. उजव्या गाठीची बेरीज शून्य. या गटात कॅन्सरचं प्रमाण अर्ध्या टक्क्याहूनही कमी. डावीची बेरीज १२. सात किंवा जास्त गुण म्हणजे पाचवा गट, तिथे साधारण तीनातली एक गाठ कॅन्सरची निघते, आणि एक सेंटिमीटरपासून पुढे सुई सुचवली जाते. शिवाय तीनातली एक ही सगळ्या पाचव्या गटाची सरासरी. पाचही गोष्टींत वाईट ठरलेली गाठ त्या सरासरीच्या बरीच वर असणार, हे मला कोणी सांगायची गरज नव्हती.

मी तिथूनच बाईंना पाठवणाऱ्या डॉक्टरांना फोन लावला. ते म्हणाले, “डावीकडे काही लागलं नाही हो मला.” लागणारच नव्हतं. उजवीचं काय करायचं यावर थोडं बोलणं झालं. काही मार्गदर्शक सूचना दोन सेंटिमीटरवरच्या स्पंजी गाठीतही सुई घालायची मुभा देतात किंवा नुसतं बघत राहायला सांगतात. माझं मत नुसतं बघण्याच्या बाजूचं. ते त्यांनाही पटलं.

पटलं नाही ते मुलीला. “एवढी मोठी सोडून त्या बारकुल्या गाठीत का सुई घालताय?” आवाज चढला होता, आणि मला त्याचा राग आला नाही. मानेवर जी रोज दिसते तीच शत्रू वाटणार. मी पडदा तिच्याकडे वळवला. दोन्ही चित्रं शेजारी लावली, शेपटीवाले आणि बिनशेपटीचे ठिपके बोटाने दाखवले. ती बराच वेळ बघत राहिली. बाईच म्हणाल्या, “अगं, त्यांना करू दे त्यांचं काम.”

खांद्यांखाली उशी, मान मागे, आणि सुई आत असेपर्यंत गिळायचं नाही, बोलायचं नाही. रक्त काढायच्या सुईपेक्षाही बारीक सुई असते. डावी गाठ खोल आणि बाजूलाच कॅरॉटिड रक्तवाहिनी उडतेय, त्यामुळे सुईचं टोक पडद्यावरून एक क्षणही हरवू द्यायचं नाही. टोक गाठीत शिरताना किंचित करकरलं, बोटांना कळतं ते. मागेपुढे भराभर हलवलं, बाहेर काढून काचपट्टीवर थेंब पसरला. काही पट्ट्या लगेच अल्कोहोलमध्ये, काही हवेवर सुकायला. शेजारी पॅथॉलॉजिस्ट होत्या, त्यांनी तिथेच एक पट्टी रंगवून पाहिली. दहा-दहा पेशींचे निदान सहा पुंजके तरी मिळायला हवेत, नाहीतर ‘अपुरा नमुना’ असा शेरा येतो आणि पेशंटला पुन्हा बोलवावं लागतं. त्यांनी मान डोलावली. त्यांच्या चेहऱ्यावरून मला अंदाज आला होता, पण त्या टेबलापाशी कोणी काही बोलत नाही.

रिपोर्ट आला: बेथेस्डा सहा, पॅपिलरी कार्सिनोमा. थायरॉईडच्या सुईचे रिपोर्ट एक ते सहा अशा गटांत येतात, आणि सहाव्या गटात निदान चुकायला जवळजवळ वाव नसतो.

रिपोर्ट घेऊन दोघी पुन्हा माझ्याकडे आल्या, आधी सर्जनला भेटून. मुलगी आता वेगळंच वाचून आली होती. “जपानमध्ये म्हणे ऑपरेशनच करत नाहीत?” हे खरं आहे, अर्धवट. कोबेच्या कुमा हॉस्पिटलमध्ये १९९३ पासून एक सेंटिमीटरपर्यंतचे कमी धोक्याचे पॅपिलरी कॅन्सर नुसते सोनोग्राफीने तपासत ठेवतात. त्यांच्या हजारावर पेशंटमध्ये दहा वर्षांत साधारण आठ टक्के गाठी तीन मिलिमीटर किंवा जास्त वाढल्या, आणि चार टक्क्यांच्या आतबाहेर लोकांच्या लसीकाग्रंथींत कॅन्सर दिसला. बहुतेक जण ऑपरेशनशिवाय राहिले. पण या बाईंची गाठ एक सेंटिमीटरच्या वर होती, आणि त्याहून महत्त्वाचं म्हणजे मागच्या बाजूला, स्वरयंत्राकडे जाणारी नस जिथून जाते तिथे टेकलेली. अशा जागेच्या गाठी नुसत्या बघत बसायला जपानी डॉक्टरही सांगत नाहीत. मानेतल्या लसीकाग्रंथी मी दोनदा पाहिल्या होत्या, त्या स्वच्छ होत्या.

सर्जनने दोन पर्याय दिले होते. फक्त डावा भाग काढायचा, किंवा पूर्ण ग्रंथी काढून जन्मभर थायरॉक्सिनची गोळी घ्यायची. एवढ्या लहान कॅन्सरला अर्धी ग्रंथी काढणं पुरतं. मला विचारलं असतं तर मी तेच सांगितलं असतं. बाई म्हणाल्या, “उजवीकडचं ते मला आरशात रोज दिसतं. सगळंच काढा.” मान त्यांची, त्यामुळे मी गप्प बसले. ऑपरेशननंतरच्या रिपोर्टात डावीकडे ११ मिलिमीटरचा पॅपिलरी कॅन्सर, ग्रंथीच्या आतच राहिलेला. उजव्या मोठ्या गाठीत कोलॉइड, दुसरं काही नाही.

नंतर मुलगी एकटी आली. “माझाही गळा बघून टाका ना एकदा.”

मी सोनोग्राफी केली नाही. घरात दोघा-तिघांना असेल किंवा मेड्युलरी हा थायरॉईडचा वेगळा, आनुवंशिक कॅन्सर असेल तर गोष्ट निराळी. एका नातेवाइकाला पॅपिलरी झाला म्हणून काही त्रास नसलेल्या माणसाच्या गळ्यावर प्रोब फिरवला तर काहीतरी सापडणारच. सोनोग्राफीने शोधलं तर निम्म्या लोकांतही गाठी दिसू शकतात. फिनलंडमध्ये १९८५ साली प्रसिद्ध झालेल्या शवविच्छेदनांच्या अभ्यासात दुसऱ्याच कारणांनी गेलेल्या माणसांपैकी तिसऱ्या हिश्श्याहून अधिक जणांच्या थायरॉईडमध्ये बारीक पॅपिलरी कॅन्सर होते, जिवंतपणी कोणालाही पत्ता नसलेले. दक्षिण कोरियात १९९९ पासून सरकारी कॅन्सर तपासण्यांच्या जोडीला थोडे जादा पैसे घेऊन थायरॉईडची सोनोग्राफी होऊ लागली. २०११ पर्यंत तिथे थायरॉईड कॅन्सरचं निदान १९९३ च्या पंधरापट झालं, आणि त्याने होणारे मृत्यू मात्र होते तेवढेच राहिले. ज्यांची ऑपरेशनं झाली त्यांच्यातल्या दर शंभरात अकरा जणांच्या कॅल्शियम सांभाळणाऱ्या ग्रंथी दुबळ्या झाल्या, दोघांची स्वरयंत्राची नस लुळी पडली. अमेरिकेच्या प्रतिबंधक तपासण्यांच्या समितीने २०१७ मध्ये, काही त्रास नसलेल्या लोकांत अशी तपासणी करूच नका, असं स्पष्ट लिहिलं.

हे सगळं मी तिला सांगितलं. मान हाताने चाचपली, घोट गिळायला लावला, काही लागलं नाही. गाठ जाणवली, आवाज बदलला, तर त्याच दिवशी ये म्हटलं.

“पण आईची पण लागली नव्हती ना हाताला?” ती म्हणाली.

प्रश्न चोख होता. मी म्हटलं, तुझ्या आईला बाहेरून दिसणारी गाठ होती म्हणून आपण आत पाहिलं, तुला तपासायला काही कारणच नाही. तिचं समाधान झालं नाही. दुसरीकडे जाऊन तिने करून घेतली असेल तर मला ठाऊक नाही.