मुठेकाठून मुल्कीच्या लाटांपर्यंत

मी कोथरूडला राहतो, स्वतःच्या पैशानं डॉक्युमेंटरी करतो आणि गेली दोन वर्षं सर्फिंगवर एक फिल्म चालू आहे.

पहिली खेप मुल्कीला केली, मंगळूरच्या थोडं वर, तिथं शांभवी आणि नंदिनी या नद्या समुद्राला मिळतात आणि देशातला पहिला म्हणून ओळखला जाणारा मंत्रा सर्फ क्लब २००४ पासून तिथंच आहे. किनाऱ्यावर ट्रायपॉड लावून आठ दिवस शूट केलं. घरी येऊन बघितलं तर लांब कुठेतरी बारकासा माणूस आणि मधे नुसता फेस. लाट कुठंच नाही. म्हणजे पाण्यात उतरल्याशिवाय काही खरं नव्हतं.

मग सहा महिने रोज सकाळी पोहण्याच्या टँकवर, पायात फिन्स आणि एक हात कायम वर, कारण त्या हातात कॅमेऱ्याचं हाऊसिंग, म्हणजे पाणी आत न येऊ देणारी पेटी असते. हाऊसिंगच्या ओ-रिंगवर, म्हणजे झाकणाच्या रबरी कड्यावर, एक केस जरी राहिला तरी पाणी आत जातं, म्हणून ती पुसायची, सिलिकॉन ग्रीस लावायचं, बोट फिरवून बघायचं आणि मग हाऊसिंग रिकामंच बादलीत बुडवायचं. आई शेजारी स्टूल घेऊन बसायची, बुडबुडा आला की "आला बघ!" म्हणायची. तिच्यामुळे कॅमेरा वाचला, खरंच.

दुसऱ्या खेपेला शिकवणारा पोरगा तिथल्याच मासेमारी करणाऱ्या घरातला. त्यानं पहिल्या दिवशी कॅमेरा घेऊच दिला नाही, म्हणाला नुसता बस आणि दोन लाटांमधले सेकंद मोज. पाच-सहा आले तर जवळच्या वाऱ्याची लाट, तेरा-चौदा आले तर ती पार दक्षिण हिंदी महासागरातल्या वादळातून हजारो किलोमीटर आलेली. पाणी तेवढं येत नाही, ते जागच्या जागी गोल फिरतं, येतो तो नुसता जोर. आणि लाट फुटते कुठं, तर खोली तिच्या उंचीच्या साधारण सव्वापट राहिली की, म्हणजे खाली वाळूचा दांडा कुठंय त्यावर सगळं, आणि तो दांडा नदी घडवते, पावसाळा झाला की तो सरकतो आणि गेल्या वर्षीची जागा निकामी.

हे कळलं आणि फिल्मच बदलली. सर्फर राहिलेत, पण आता गोष्ट वाळूची आहे. आपल्या मुठेचं पाणी भीमा, कृष्णा करत बंगालच्या उपसागराला जातं, पण वाटेतली धरणं गाळ अडवतात आणि कृष्णेच्या मुखाशी पोचणारा गाळ खूप कमी झालाय. मुल्कीच्या पाण्यात बसून मला मुठेवरचं खडकवासला धरण आठवत होतं!

आता एकच शॉट राहिलाय. मे महिन्यात खडकवासल्याचं पाणी उतरलं की काठचा गाळ उघडा पडतो, तो अर्धा पाण्याखालून अर्धा वरून घ्यायचाय. ओ-रिंग नवीन आणलीये आणि आईला बादली भरायला सांगितलंय.