कात्रीच्या अलीकडे

उद्यम नोंदणीचे, म्हणजे लहान उद्योगांच्या सरकारी नोंदणीचे, फॉर्म भरून देणं हा माझा धंदा. त्यात सगळ्यात जास्त घोळ होतो तो एनआयसी २००८ च्या कोडचा; कुठला धंदा कुठल्या वर्गात, ते सांगणारी ही सरकारी यादी. मागच्या पावसाळ्यात टॉवेल विणणारे अण्णा सर्टिफिकेट घेऊन आले. त्यावर ‘उत्पादन’ऐवजी ‘सेवा’ पडलेलं, आणि ते मीच भरलेलं.

“तुम्हीच म्हणालात ना, सूत शेटजींचं, आपली नुसती मजुरी?” मी म्हटलं.

“मग? बँकवाला विचारतोय, माग कुठे दिसतात यात?”

रात्री नियम काढून वाचला. दुसऱ्याच्या सुतावर मजुरीनं विणणाराही, स्वतःच्या सुतावर विणणाऱ्याच्याच वर्गात. माल कुणाचा हे न बघता काम काय झालं ते बघायचं. चूक सरळसरळ माझी होती.

दुसऱ्या दिवशी सोलापूरच्या अक्कलकोट रोड एमआयडीसीतलं त्यांचं शेड गाठलं. मागाच्या खडखडाटात बोलणं अशक्य, म्हणून अण्णांनी बोटानंच दाखवलं: मागाला बीम, म्हणजे उभ्या धाग्याचे रूळ, दोन; खालचा ताठ, वरचा सैल. सैल धाग्याचे फास उभे राहतात, तोच टॉवेलचा मऊपणा. मधेच फास थांबतात, बोटभर सपाट पट्टी येते, पुन्हा फास सुरू. त्या पट्टीवर एक टॉवेल संपतो. पण अण्णा तिथे कापत नाहीत. लांबच्या लांब ताका गुंडाळून शेटजींकडे पाठवतात. तिथे बायका पट्टीवर कात्री चालवतात, कडा दुमडून शिवतात, घडी घालतात.

माझं काम त्या कात्रीनं सोपं केलं. तिच्या अलीकडे १३१२, म्हणजे विणकाम. पलीकडे १३९२, म्हणजे कापडाच्या तयार वस्तू. अण्णा १३१२. शेटजींकडे एकही माग नाही, पण सूत त्यांचं, कापणं-शिवणं त्यांचं, म्हणून ते १३९२. (सूत त्यांचं नसतं आणि सगळं काम बाहेरूनच करून घेतलं असतं, तर व्यापारीच ठरले असते. हे मी शेटजींना सांगितलं नाही.)

दुरुस्त सर्टिफिकेट हातात पडल्यावर अण्णांनी चष्मा कपाळावर सरकवला. “म्हणजे सरकारात मी आता टॉवेलवाला?”

“नाही अण्णा, कापडवाला. टॉवेलवाले शेटजी.”

“चाळीस वर्षं टॉवेल विणतोय मी,” ते म्हणाले. “हे घरी नको सांगू.”