अठ्ठावीस गडी

स्मरणिकेसाठी लिहाल का, असं विचारताना संपादक मंडळानं एक सूचना केली होती: शाळेच्या आठवणी बरेच जण लिहिणार आहेत, तुम्ही तुमच्या कामाविषयी लिहा, मैदानावरच्या मुलांना उपयोग होईल. ती मला पटली. अमेरिकेतल्या एका लहान कॉलेजच्या अमेरिकन फुटबॉल संघात (आपला पायानं खेळायचा फुटबॉल नव्हे) खेळाडूंच्या दुखापती सांभाळणं हे माझं काम आहे. आपल्या मैदानावर कबड्डी खेळलेल्या कुणालाही हा खेळ पटकन समजेल, आणि लहान कॉलेजच्या हंगामाचं खरं दुखणंही कबड्डीच्याच भाषेत नीट सांगता येतं: गडी पुरत नाहीत.

मैदान १०० यार्ड लांब आणि १६० फूट रुंद. लांबट चेंडू हातात घेऊन चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढं सरकायचं. जमलं तर पुन्हा चार प्रयत्न, नाही जमलं तर चेंडू समोरच्यांकडे. एका वेळी मैदानात अकरा गडी असतात, पण चढाईचे अकरा वेगळे आणि बचावाचे अकरा वेगळे. शिवाय लाथेनं चेंडू लांब मारायच्या आणि तो अडवायच्या प्रसंगी निराळ्या तुकड्या उतरतात. कबड्डीत बाद झालेला गडी संघाला गुण मिळाला की जिवंत होतो. इथं गुडघ्याचा अस्थिबंध तुटला तर तो गडी पुढच्या वर्षीच जिवंत होतो.

मोठ्या विद्यापीठांच्या संघात शंभराच्या वर खेळाडू असतात, त्यातल्या बहुतेकांना खेळासाठी शिष्यवृत्ती असते. तिसऱ्या श्रेणीतल्या, म्हणजे डिव्हिजन थ्रीच्या कॉलेजांना खेळाची शिष्यवृत्ती देताच येत नाही. मुलं अभ्यासासाठी येतात आणि आवडीनं खेळतात. सप्टेंबरच्या सुरुवातीपासून नोव्हेंबरच्या मध्यापर्यंत साधारण दहा शनिवारी दहा सामने. या दहा शनिवारांना माणसं पुरवणं हीच लहान संघाची परीक्षा.

आयोवा राज्यातल्या ग्रिनेल कॉलेजचं उदाहरण घ्या. साधारण सतराशे विद्यार्थ्यांचं हे कॉलेज. मिसिसिपी नदीच्या पश्चिमेला कॉलेजांमधला पहिला फुटबॉल सामना १८८९ साली इथंच झाला आणि ग्रिनेलनं आयोवा विद्यापीठाला २४-० असं हरवलं. त्याच कॉलेजचा संघ २०१९ मध्ये ३९ खेळाडूंनिशी हंगामात उतरला. पहिल्या तीन सामन्यांनंतर ११ जण जायबंदी होते, उरले २८. ऑक्टोबर उजाडताना खेळाडूंनीच ठरवलं की आता थांबायचं. कॉलेज त्यांच्या पाठीशी उभं राहिलं आणि उरलेला हंगाम रद्द झाला.

बाहेरच्या माणसाला वाटतं, अकराच तर लागतात, मग २८ का पुरू नयेत? हा हिशोब सविस्तर मांडायला हवा. चढाईच्या बाजूला चेंडूपुढं पाच जणांची भिंत असते, बचावाला समोर तीन-चार जण. ही सव्वाशे किलोच्या आसपासची माणसं. पंचाहत्तर किलोचा पळणारा पोरगा त्यांच्या जागी उभा केला तर पहिल्याच धडकेत त्याचा खांदा जाईल. म्हणजे भिंतीतला गडी गेला की बदली भिंतीतलाच लागतो, आणि नेमकं तिथंच माणूस मिळत नाही. आता सराव बघा. मंगळवार-बुधवारी अकरा विरुद्ध अकरा असा सराव करायचा तर बावीस जण लागतात. चेंडू फेकणाऱ्या क्वार्टरबॅकला सरावात हात लावायचा नसतो, त्याची जर्सीही वेगळ्या रंगाची. लाथ मारणारा वेगळा. मग उरलेले तेच ते गडी आठवडाभर एकमेकांना धडकतात, आणि शनिवारी चढाई, बचाव, लाथेची तुकडी अशा सगळीकडे तेच उतरतात. एका सामन्यात दोन्ही संघांचे मिळून सव्वाशे ते दीडशे डाव, म्हणजे चेंडू पुढं न्यायचे प्रयत्न, होतात. दमलेला गडी पकड करताना गुडघे वाकवत नाही, कमरेतून वाकतो आणि डोकं खाली घालतो. मान आणि मेंदूच्या वाईट दुखापती याच क्षणी होतात. थोडक्यात, गडी कमी झाले की उरलेल्यांच्या दुखापती वाढतात. ग्रिनेलच्या मुलांनी हे ओळखलं. मी त्याला हार मानणं म्हणत नाही, ती समज होती.

डोक्याच्या माराचे दिवस मोजून असतात. कन्कशनचा, म्हणजे मार बसून मेंदू हादरल्याचा, संशय आला की त्या दिवशी तो खेळाडू परत उतरत नाही. लक्षणं गेल्यावर पायऱ्या सुरू होतात: हलकी सायकल किंवा चालणं, मग धावणं, मग धडकेशिवाय सराव, मग डॉक्टरांच्या संमतीनं धडकेसह सराव, मग सामना. दोन पायऱ्यांमध्ये साधारण २४ तास. मध्ये डोकं दुखलं तर एक पायरी मागं. म्हणजे सगळं सुरळीत झालं तरी पुढचा शनिवार बहुधा गेलाच. हा निर्णय प्रशिक्षकाच्या हातात नसतो, आणि नसावाच.

हेल्मेटनं कवटी वाचते. आत मेंदूला बसणारा हिसका ते पूर्ण थांबवू शकत नाही. तरी ते नीट बसलेलं असणं फार महत्त्वाचं. बसवताना केस ओले करायचे, कारण खेळताना ते घामानं ओलेच असतात. पुढची कड भुवयांच्या वर दोन बोटं. गालाच्या गाद्या घट्ट, हनुवटीचा पट्टा चारही बटणांनी लावलेला. मग दोन्ही हातांनी हेल्मेट डावीउजवीकडे फिरवायचं: कपाळाची कातडी त्याच्याबरोबर सरकली तर ठीक, हेल्मेट कातडीवरून घसरलं तर सैल. आतल्या पिशव्यांमध्ये ऑगस्टच्या उकाड्यात भरलेली हवा ऑक्टोबरच्या थंडीत आकसते आणि तेच हेल्मेट ढिलं होतं. मुलानं केस बारीक कापले तरी तेच. म्हणून दर आठवड्याला तपासणी करावी लागते.

ऑगस्टमध्ये सरावाचे पहिले दोन दिवस फक्त हेल्मेट, मग खांद्याचे पॅड, त्यानंतर पूर्ण चिलखत. शरीराला उष्णतेची सवय होऊ द्यायची असते. सरावाआधी आणि नंतर वजन करायचं. किलोभर घटलं तर साधारण दीड लिटर पाणी हळूहळू पोटात गेलं पाहिजे. उष्माघात झालाच तर आधी बर्फाच्या पाण्याच्या टबात गळ्यापर्यंत बुडवायचं आणि नंतर दवाखान्यात हलवायचं. हा क्रम उलटा झाला तर जीव जाऊ शकतो. विदर्भ-मराठवाड्यातल्या एप्रिलच्या मैदानांवरही हे लक्षात ठेवण्यासारखं आहे.

गडी न पुरण्याच्या प्रश्नावर जॉन गॅग्लिआर्डी यांनी निराळा मार्ग काढला. मिनेसोटातल्या सेंट जॉन्स विद्यापीठात ते १९५३ ते २०१२ प्रशिक्षक होते. त्यांच्या सरावात पकड करून पाडायला बंदी होती. शिट्टी नाही, दीड तासापेक्षा जास्त सराव नाही, आणि ‘कोच’ म्हणायचं नाही, जॉन म्हणायचं. आपल्याकडे सरांना नावानं हाक मारायची कल्पनाही जड जाईल. पण त्यांचा मूळ मुद्दा साधा होता: शनिवारी लागणारा गडी मंगळवारी मोडायचा नाही. ४८९ विजय मिळवून ते निवृत्त झाले, कॉलेज फुटबॉलमध्ये कोणाहीपेक्षा जास्त. डिव्हिजन थ्रीच्या २००३ च्या अंतिम सामन्यात त्यांच्या संघानं सलग ५५ सामने जिंकलेल्या माउंट युनियनला २४-६ असं हरवलं. सेंट जॉन्सकडे मुलंही भरपूर असत, कारण ते कुणाला संघातून काढत नसत, हेही सांगायला हवं.

ग्रिनेलचा संघ २०२१ मध्ये पुन्हा मैदानात उतरला.

राहिली घोट्याची पट्टी, जी कबड्डीच्या मुलांना लगेच वापरता येईल. पाऊल नडगीशी काटकोनात ठेवायचं आणि संपेपर्यंत तसंच धरायचं. टाच आणि पुढचा सांधा इथं थोडं व्हॅसलिन लावलेले फोमचे तुकडे, त्यावर पातळ फोम. दीड इंची चिकटपट्टीचे दोन वेढे नडगीवर, तो पाया. मग आतल्या बाजूनं टाचेखालून बाहेर वर ओढत तीन पट्ट्या, प्रत्येक आधीच्या पट्टीवर अर्धी चढलेली. पाऊल आत मुरगळू नये म्हणून ओढ बाहेरच्या बाजूला. त्यावर इंग्रजी आठाच्या आकाराचा वेढा, दोन्ही बाजूंनी टाचेला कुलूप, म्हणजे टाच हलू नये असा वेढा, आणि उघड्या जागा बंद. सुरकुती किंवा फट राहिली की फोड येतो. पावलाच्या बाहेरच्या कडेवर घट्ट झाली तर पाच मिनिटांत पायात गोळा येतो. अर्ध्या तासाच्या खेळानंतर पट्टी सैल पडू लागते, म्हणून पैसे कमी असतील तर दोरीचा ब्रेस, म्हणजे दोरीनं आवळायचा घोट्याचा पट्टा, घ्यावा, तो पुन्हा आवळता येतो.

हात बसलेल्याला एका घोट्याला तीन मिनिटं लागतात. अठ्ठावीस गड्यांचे छप्पन्न घोटे, म्हणजे १६८ मिनिटं. सामना दुपारी एकला असेल, तर त्याआधी अंग गरम करायला वेळ सोडून पहिला पाय टेबलावर नऊ वाजता यावा लागतो.