तुमचं गाणं कुठलं?

लग्नात, जत्रेत, बँकेच्या रांगेत, मी सिनेमाला संगीत देतो हे कळलं की पुढचा प्रश्न ठरलेला: ‘मग तुमचं गाणं कुठलं?’ परवा तुम्हीही विचारलंत, म्हणून लिहितोय. माझं गाणं नाही. मी पार्श्वसंगीत करतो.

हे काम पहिल्यांदा पाहिलं ते पेडण्यात, दशावतारात. सगळी मुलं राक्षसाकडे बघायची, मी कडेला बसलेल्या पेटीवाल्याकडे. दशावतारात संवाद लिहिलेले नसतात. राजा रंगात येऊन बोलणं लांबवायचा, तेवढा वेळ पेटीवाला बोटं स्वरांवर टेकवून नुसता त्याच्या तोंडाकडे बघायचा. पखवाज गप्प, झांज गप्प. राजाचा श्वास संपला की एकच सूर. तो मला अजून ऐकू येतो.

आणि आपल्या गोव्याला हे काम नवं नाही. चर्चच्या शाळांतून व्हायोलिन आणि स्वरलिपी शिकलेली किती माणसं मुंबईत गेली! संगीतकारानं चाल द्यायची, वाद्यमेळ यांनी लिहायचा, आणि पडद्यावर नाव क्वचितच. माजोर्ड्याच्या अँथनी गोन्साल्विसांनी तर १९५८ साली मुंबईत स्वतःचा सिंफनी वाद्यवृंद उभा केला. लोकांना त्यांचं नाव माहीत झालं ते १९७७च्या एका गाण्यातून. त्यांचे शिष्य प्यारेलाल यांनी गुरूचं नाव त्यात गुंफलं म्हणून. याचं मला फार वाईट वाटतं.

पैशांचं विचाराल तर बहुतेकदा एकरकमी मिळतात, आणि वर्षात दोन-तीन महिने काही नसतं.

पण एक प्रसंग सांगायचाय. एका चित्रपटात आई पत्र वाचते, खाली ठेवते, आणि तिथे चेलो येतो, व्हायोलिनच्याच जातीचं पण मोठं, खर्जातलं वाद्य. लय मिनिटाला ८० मात्रांची धरली होती. मात्रा पाऊण सेकंदाची, म्हणजे १८ फ्रेम, कारण सेकंदाला २४. संकलन पक्कं झालंय असं सांगूनच चित्र माझ्याकडे आलं होतं. वादकांचं ध्वनिमुद्रण झालं, आणि मग कळलं की पत्र वाचण्यातले दोन सेकंद कापलेत. तीन कापले असते तर बरोबर चार मात्रा गळल्या असत्या, सांधा कुणाला कळला नसता. दोन सेकंदांत पुऱ्या पावणेतीन मात्राही बसत नाहीत. चेलो आता आई पत्र ठेवून उठल्यावर यायला लागला. वादक परत बोलवायला पैसे नव्हते. दोन रात्री जोडाजोड करून पाहिली. प्रत्येक वेळी ती बाई खोटी वाटायची. शेवटी चेलोच काढला, आधीचं व्हायोलिनही काढलं.

तोच चित्रपट पाहून तुम्ही म्हणाला होतात, पत्राच्या वेळी घशाशी आलं. तिथे छताच्या पंख्याची घरघर आहे, आणि तिच्या बांगड्यांचा एक बारीक आवाज. पुन्हा लावलात तर ऐका.